मडक्यावरील नक्षी आणि अलंकारविचार

अलंकार हा काव्याचा आत्मा नव्हे, तो बाहेरून घातलेला दागिना होय, हें वाक्य प्रस्तुत लेखकानें वर्गांत किती वेळां उच्चारलें असेल याची गणती नाहीं. शिकवूं लागल्यास तीस वर्षें होत आलीं. विद्यार्थी बदलले, अभ्यासक्रम बदलले, खडू-फळ्याच्या जागीं दुसरीं साधनें आलीं, पण हें वाक्य जसेंच्या तसें राहिलें. परीक्षेंत तें विद्यार्थ्यांनीं लिहावें आणि आम्हीं त्याला गुण द्यावे असा जणूं उभयपक्षीं करारच होता. पुढें एका माठानें त्या वाक्यावरील माझी श्रद्धा ढळविली. प्राध्यापकाचें वाङ्मयविषयक मत माठानें बदलावें ही गोष्ट कांहींशी हास्यास्पद आहे हें मी जाणून आहें; तथापि घडलें तें असें.

तीन वर्षांपूर्वीं पुण्यांतील विद्यार्थ्यांच्या एका हस्तकला-प्रदर्शनांत परीक्षक म्हणून बसण्याचें मला निमंत्रण आलें. मातीच्या कामाच्या दालनांत 'पाणी पिण्याचीं भांडीं' असा एक स्वतंत्र विभाग होता. त्यांत एक माठ असा होता कीं, आंत शिरणाऱ्याची नजर प्रथम त्यावरच जावी. गडद तांबड्या तैलरंगावर पांढऱ्या रेषांनीं वारली पद्धतीचीं माणसें काढलेलीं. मध्यें तारपा वाजविणारा, त्याभोंवतीं नाचणाऱ्यांची साखळी, खालीं भाताचीं खाचरें, वर डोंगर. रेषा स्वच्छ, हात सराईत. त्याच्या शेजारींच दुसरें एक मडकें होतें. तांबूस रंगाचें, अंगानें किंचित् झळाळणारें, खांद्यावर दोन काळसर रेघा, बाकी कांहीं नाहीं. मीं पहिलें पारितोषिक वारली माठास दिलें, अभिप्रायाच्या वहींत 'परंपरेचा समृद्ध आविष्कार' असे कांहींसे शब्द लिहिले, आणि एवढ्यावर न थांबतां तो माठ विकत घेऊन घरीं नेला.

एप्रिल आला. माठांतलें पाणी कांहीं केल्या निवेना. चार दिवस वाट पाहून घरांतून विचारणा झाली, "हें भांडें तुम्हीं पाण्यासाठीं आणलंत, कीं आल्यागेल्याला दाखवायला?" मीं उन्हाळ्याची तीव्रता, खिडकीची दिशा वगैरे कारणें पुढें केलीं. त्यावर आमच्या सौभाग्यवतींनीं माठाच्या पोटावरून तळहात फिरविला आणि तो कोरडा हात माझ्यापुढें धरला. "माठाला घामच येत नाहीं, तर पाणी निवणार कसं?"

या प्रश्नांत सगळें पदार्थविज्ञान आहे. भाजलेल्या मातीच्या अंगांत असंख्य सूक्ष्म छिद्रें असतात. कुंभार माती मळतांना तींत राख, लीद, भुसा असें कांहीं मिसळतो. त्यांतील जळण्याजोगा भाग आव्यांत जळून जातो आणि त्याच्या जागीं पोकळी राहते. पाणी या वाटांनीं बाहेर झिरपतें, पृष्ठभागावर त्याची वाफ होते, आणि वाफ होतांना तें आपल्याला लागणारी उष्णता भांड्यांतून व आंतल्या पाण्यांतून घेतें. एक ग्राम पाण्याची वाफ होण्यास सुमारें 580 कॅलरी उष्णता लागते. म्हणजे बाहेर आलेला एक ग्राम घाम आंतील पन्नासांहून अधिक ग्राम पाणी दहा अंशांनीं निववूं शकतो. तैलरंगाचा पापुद्रा या सगळ्या वाटा बुजवितो. माझ्या पारितोषिकविजेत्या माठाला नक्षीनें जिवंतपणीं पुरलें होतें.

यावर कोणी म्हणेल, तो शोभेचा माठ समजा, त्यांत फुलें ठेवा आणि वाद मिटवा. हें समाधान मीं स्वतःलाहि करून पाहिलें. परंतु प्रदर्शनाचा विभाग पाण्याच्या भांड्यांचा होता, आणि मी बसलों होतों तो भांड्याचा परीक्षक म्हणून. पुस्तकाचें वेष्टन पाहून पुस्तकाचा अभिप्राय देणाऱ्या टीकाकाराला आपण जें म्हणतों, तेंच मला म्हणावयास हवें होतें. मग मीं अलंकाराविषयीं आमच्या साहित्यशास्त्रानें काय म्हटलें आहे तें पुन्हा काढून पाहिलें. वामनानें गुण आणि अलंकार यांत भेद केला: गुण हे शोभा उत्पन्न करितात, अलंकार ती वाढवितात. मम्मटानें तर अलंकार स्पष्ट नसतांहि काव्य असूं शकतें अशी सवलत दिली, आणि अलंकारांना हारादि आभूषणांच्या पंक्तींत बसविलें. माझें वर्गांतील वाक्य येथूनच आलेलें. परंतु दागिना अंगाचें रक्ताभिसरण थांबवीत असेल तर काय, हा प्रश्न या दोघांनींहि घेतलेला मला दिसला नाहीं. अंगठी बोटांत रुतून बोट निळें पडावें तसा हा अलंकार गुणालाच मारतो. आनंदवर्धन मात्र जवळ येतो. रसानें भारलेल्या कवीला ज्याकरितां वेगळा प्रयत्न करावा लागत नाहीं, तोच अलंकार ध्वनिकाव्यांत खपतो असें त्याचें मत आहे. हें मत डोक्यांत घेऊन मी कुंभार पाहावयास निघालों.

कसब्यांतील कुंभारवाडा पुणेकरांस ठाऊक आहेच; पण तेथें आतां खरेदीच अधिक, आणि उन्हाळ्यांत रांगेनें मांडलेल्या माठांपैकीं पुष्कळसे गुजराथ-राजस्थानकडून आलेले असतात. घडणावळ पाहावयाची म्हणून मी मुंढव्याजवळ केशवनगरास गेलों. तेथील एका आवारांत मीं जें पाहिलें, त्यांतील निम्में पन्नाशी उलटेपर्यंत मला ठाऊक नव्हतें, हें कबूल करितांना संकोच वाटतो. माझी समजूत अशी कीं, मडकें चाकावर तयार होतें. चाकावर होतें तें केवळ तोंड, गळा आणि जाड अंगाचा एक आकार. दोऱ्यानें तो कापून काढतात, थोडा सुकवितात, आणि मग खरें काम सुरू होतें. आंतून दगडाचा गोळा धरावयाचा आणि बाहेरून लांकडी थापटण्यानें हलके हलके ठोके देत मडकें फिरवीत राहावयाचें. ठोक्यागणिक अंग पातळ होत जातें, पोट फुगतें, बूड गोल होतें, आणि मातीचे कण दाबले जाऊन बाहेरची बाजू घट्ट बसते. जवळून पाहिलें तर साध्या मडक्याच्या पोटावर या ठोक्यांचीं पुसट चपटीं पैलूं दिसतात. गोरोबाकाकांनीं संतांच्या डोक्यांवर थापटणें मारून कोण पक्का, कोण कच्चा हें पाहिलें आणि नामदेवांचें मडकें कच्चें ठरलें, ही कथा आपण लहानपणापासून ऐकतों; पण परीक्षेचें हत्यार आणि घडविण्याचें हत्यार एकच आहे, या गोष्टीकडे माझें कधीं लक्ष गेलें नव्हतें. कुंभार मारतो तेव्हां तो तपासतोहि आणि सुधारतोहि. टीकाकाराच्या हातीं यांतलें पहिलेंच काम उरलें आहे, असो.

थापटून झालेलें मडकें वाळत आलें म्हणजे त्यावर काव कालवलेल्या, गाळून घेतलेल्या पातळ मातीचा हात देतात, आणि तो ओलसर असतांनाच गुळगुळीत गारगोटीनें घोटतात. हें काम तेथें एक वृद्ध बाई करीत होत्या. एकाच दिशेनें, दाब न वाढवितां, गारगोटी सावकाश चालली होती आणि तिच्या मागें मातीला चमक येत होती. ही चमक कोठून येते? वरून कांहीं लावलेलें नसतें. मातीचे सपाट कण आडवे बसतात आणि प्रकाश एकसारखा परततो, इतकेंच. म्हणजे ज्याला आपण 'झळाळी' म्हणतों ती येथें पदार्थ नसून मांडणी आहे. छिद्रें बारीक होतात, पण मिटत नाहींत. म्हणून घोटलेला माठ झळाळतोहि आणि घामेजतोहि.

मीं बाईंना विचारलें, "मावशी, हल्लीं सगळे रंग देतात, तुम्ही घोटीत कां बसतां?"

त्या हात न थांबवितां म्हणाल्या, "रंग काय, डब्यात मिळतो मास्तर. याला मनगट लागतं. पण गिऱ्हाईक डब्याकडंच बघतं."

मीं त्यांना माझें पारितोषिकाचें कृत्य सांगितलें नाहीं.

येथवर आनंदवर्धनाचा निकष बरोबर लागू पडतो असें मला वाटलें. थापटण्याचे पैलू, घोटाईची चमक, गळ्याजवळ बोटांनीं उमटलेलीं वळीं, ही सारी शोभा घडविण्याच्या ओघांतच आलेली, तिच्यासाठीं निराळा प्रयत्न नाहीं. आपला सिद्धान्त सिद्ध झाला अशा आनंदांत मी परतलों. परंतु सिद्धान्ताचा आनंद फार दिवस टिकूं नये अशी विधात्याची योजना असावी. कारण पुढच्याच महिन्यांत एका स्नेह्याबरोबर येरवड्याच्या डेक्कन कॉलेजांतील पुरातत्त्वसंग्रह पाहण्याचा योग आला.

संगमनेर तालुक्यांत प्रवरेच्या कांठीं जोर्वे म्हणून गांव आहे. तेथें 1950-51 सालीं डॉ. हसमुख सांकलिया आणि डॉ. शां. भा. देव यांनीं उत्खनन केलें, आणि तेथें मिळालेल्या विशिष्ट भांड्यांना त्या गांवाचें नांव पडलें. पुढें नेवासें, दायमाबाद, आणि आपल्या जिल्ह्यांत शिरूर तालुक्यांतील घोड नदीवरचें इनामगांव या ठिकाणीं तींच भांडीं विपुल निघालीं. इनामगांवचें उत्खनन 1968 सालापासून 1983 पर्यंत चाललें आणि त्याचा बृहद्‌वृत्तान्त धवळीकर, सांकलिया व अन्सारी यांच्या नांवें 1988 सालीं प्रसिद्ध झाला. इसवी सनापूर्वीं सुमारें 1400 ते 1000 या काळांत हे शेतकरी लोक जीं भांडीं वापरीत, तीं चाकावर काढलेलीं, बारीक गाळलेल्या मातीचीं, इतकीं पक्कीं भाजलेलीं कीं टिचकी मारली तर धातूसारखा नाद निघावा. रंग तांबडा वा नारिंगी, चकाकी नाहीं. आणि त्यावर काळ्या रंगानें भूमितीची नक्षी: आडव्या रेघा, तिरप्या रेघांचे पट्टे, चौकटी, त्रिकोण. लांब नळीची तोटी असलेला कुंभ आणि मध्यें कंगोरा असलेला वाडगा हे या घराण्याचे दोन ठळक नमुने. माणूस नाहीं, देव नाहीं, प्राणीहि क्वचित्.

त्यांतील एका वाडग्यापुढें मी फार वेळ उभा राहिलों. वाडग्याचें अंग बुडाकडून वर येतां येतां एके ठिकाणीं एकदम वळतें आणि आंतल्या बाजूस किंचित् पोकळ होऊन कांठाकडे जातें. या वळणावर बरोबर काळी रेघ आहे. रेघेच्या खालीं कांहीं नाहीं, वर नक्षी. म्हणजे नक्षी जेथून सुरू होते ती जागा चितारणाऱ्यानें आपल्या लहरीनें निवडलेली नाहीं. ती जागा घडविणाऱ्यानें आधींच ठरवून ठेविली आहे. कुंभावरहि तसेंच: खांदा जेथें पोटांत उतरतो तेथें पट्टा थांबतो. रेघ आकाराचा अर्थ सांगते. येथें गळा संपला, येथें पोट सुरू झालें, येथें धरावयाचें, येथून ओतावयाचें. व्याकरणांतील विरामचिन्हाचें हें काम आहे.

पण मग आनंदवर्धनाचें काय? हा कुंचला म्हणजे निराळा प्रयत्न नव्हे काय? निखालस निराळा. रंग वाटावा लागला, कुंचला तयार करावा लागला, भांडें एका हातावर तोलून दुसऱ्या हातानें रेघ ओढावी लागली, आणि ती हलली तर पुसतां येत नाहीं. ओघांत आपोआप उमटलेली ही शोभा नव्हे. तरीहि ती वारली माठावरील चित्रासारखी परकी वाटत नाहीं. याचें कारण शोधतांना एक साधी गोष्ट माझ्या ध्यानांत आली. ही रेघ भाजण्यापूर्वीं काढलेली आहे. भांडें आणि रेघ एकाच आव्यांत, एकाच जाळांत शिजलीं. रेघ चुकली असती तर भांडें फुकट गेलें असतें, आणि भांडें तडकलें असतें तर रेघहि गेली असती. तैलरंगाला ही जोखीम नसते. तो भाजून, तपासून, ठाकठीक निघालेल्या मडक्यावर मागाहून चढतो. तेव्हां प्रश्न प्रयत्न निराळा कीं एकच, हा नसावा. अलंकार आव्यांत गेला होता कीं नाहीं, हा असावा. ज्ञानेश्वरीतील उपमा काढून टाकून ज्ञानेश्वरी उरेल काय? उरणार नाहीं, कारण तेथें विचार आणि उपमा एकाच धगींत पक्व झालेल्या आहेत. उलट पंडिती आख्यानांतील पुष्कळ श्लेष आणि यमकें अशीं आहेत कीं, तीं खरवडून काढलीं तर खालचें भांडें अधिक बरें दिसावें. मोरोपंतांच्या भक्तांनीं रागावूं नये. पंतांचेंहि कांहीं काम उत्तम भाजलेलें आहे, आणि तें कोणतें हें त्यांनाच अधिक ठाऊक.

विदर्भांतील माहूरझरी, नायकुंड इत्यादि ठिकाणच्या बृहदश्मयुगीन दफनांत मिळणारीं काळीं-तांबडीं भांडीं हा याच विचाराचा टोंकाचा दाखला म्हणतां येईल. तेथें आंतली बाजू व कांठ काळा, खालचें अंग तांबडें. जेथें हवा पोंचली तेथें मातींतील लोह तांबडें झालें, जेथें पोंचली नाहीं तेथें काळें पडलें. रंगाचा डबा नाहीं, कुंचला नाहीं. नक्षी अग्नीनेंच काढली.

आतां दुसऱ्या पक्षाचें म्हणणें. भांड्यावर माणसें काढूंच नयेत, असा नियम करावा काय? तसा मोह मला झाला होता, विशेषतः मुंबईच्या कलाशाळेचा इतिहास आठवून. 1870 नंतरच्या दशकांत सर जे. जे. कलाशाळेंत जॉर्ज टेरी यांच्या देखरेखीखालीं मातीच्या भांड्यांची कार्यशाळा चाले. त्याच सुमारास, 1872 पासून, ग्रिफिथ्स आणि त्यांचे विद्यार्थी अजिंठ्याच्या भित्तिचित्रांच्या नकला करीत होते. त्या नकलांतील आकृति या भांड्यांवर उतरल्या, वर कांचेची झिलई चढली, आणि तीं विलायतेंतील प्रदर्शनांतून व संग्रहांतून जाऊन बसलीं. 1880 सालीं सर जॉर्ज बर्डवुड यांनीं हिंदी कलाकौशल्यावर ग्रंथ लिहिला तेव्हां त्यांतहि या भांड्यांना स्थान मिळालें. ही झिलई आव्यांत भाजलेली आहे, म्हणजे माझ्या नव्या निकषावर तीं भांडीं उत्तीर्ण व्हावीं. तरी त्यांचीं चित्रें पाहतांना माझें मन भरत नाहीं. अजिंठ्याची राजकन्या कोनाड्याच्या काळोखांत, मशालीच्या उजेडांत, भिंतीच्या सपाटीवर बसलेली. तिला कुंभाच्या पोटावर गुंडाळली म्हणजे पाहणाऱ्यास तिचा अर्धा खांदा दिसतो आणि सखीला भेटण्यासाठीं त्याला प्रदक्षिणा घालावी लागते. माझ्या माठावरहि हेंच झालें होतें. वारली चित्र गेरू-शेणानें सारवलेल्या कुडाच्या भिंतीवर, तांदुळाच्या पिठानें, लग्नाच्या चौकासाठीं सुवासिनी काढीत. जिव्या सोमा म्हशे यांनीं तें कागदावर व कापडावर आणून जगापुढें नेलें, तेव्हांहि सपाटी सुटली नव्हती. मडक्यावर तारप्याची ती गुंडाळी फाटते. दोन्ही ठिकाणीं भिंत सोलून घड्याला नेसविली आहे.

परंतु ग्रीकांकडे पाहिलें कीं नियम ढासळतो. अथेन्सचा एक्सेकिआस हा इसवी सनापूर्वीं सहाव्या शतकांतला कलावंत. कांहीं भांड्यांवर त्यानें घडविणारा व चितारणारा या दोन्ही नात्यांनीं आपली सही केली आहे. म्यूनिकमध्यें त्याचें एक मद्यपात्र आहे. आंतल्या गोल पृष्ठभागावर नौकेंत पहुडलेला डायोनिसस, डोलकाठीवरून वर चढून पसरलेला द्राक्षवेल, भोंवतीं पोहणारे डॉल्फिन. पात्राचा गोल हाच समुद्र झाला आहे. पिणाऱ्यानें मद्य संपवीत आणलें म्हणजे देव त्याच्या तळाशीं भेटतो. येथें माणूसहि आहे, देवहि आहे, गोष्टहि आहे, आणि तरी तें सारें त्या भांड्याखेरीज कोठेंहि उभें राहिलें नसतें. तेव्हां दोष चित्रांत नव्हता. चित्र ज्या अंगावर यावयाचें त्या अंगाला न विचारतां आलें, यांत होता.

या ओघांत एक विनोदाची गोष्ट. कीट्सची ग्रीक कलशावरील 1819 सालची कविता मी आजवर वीस-पंचवीस वेळां शिकविली असेन, आणि दर वेळीं फळ्यावर मातीचा कलश काढला असेल. कवीनें ज्याचें चित्र स्वतः उतरवून घेतलें होतें तें सोसिबिओसचें पात्र संगमरवरी आहे. मडक्यांच्या नादाला लागलों नसतों तर ही चूक निवृत्तीपर्यंत चालू राहिली असती.

डेक्कन कॉलेजांत आणखी एक पाहिलें, आणि खरें सांगावयाचें तर या सर्व ऊहापोहांत माझ्याजवळ उरलें आहे तें तेवढेंच. जोर्वे लोकांचीं लहान मुलें वारलीं म्हणजे तीं घराच्या जमिनीखालींच पुरीत. दोन मोठे कुंभ आडवे ठेवून, तोंडाला तोंड लावून, त्यांच्या पोटांत मूल ठेवीत. बाजूला तोटीचा कुंभ, वाडगा अशीं भांडीं असत. तीं तांबडीं, रंगविलेलीं, नादवंत. ज्या कुंभांत मूल असे ते मात्र तसे नव्हते. ते जाड्याभरड्या, करड्या मातीचे, चाकावांचून नुसत्या हातानें वळलेले. अशा हातवळणीच्या भांड्यांवर रंग नाहीं. गळ्याजवळ मातीची एक वळी चिकटविलेली असते आणि तिच्यावर ओळीनें बोटांचीं टोंकें दाबून खळगे उमटविलेले असतात.

त्या खळग्यांची गरज काय होती? चिकटवलेली वळी अंगाशीं पक्की बसावी म्हणून ती दाबावी लागतेच. तेवढा उपयोग मान्य. पण उपयोगापुरतें दाबावयाचें तर कोठेंहि, कसेंहि दाबलें तरी चालतें. येथें ओळ आहे, अंतर सारखें आहे. कोणी तरी एकामागून एक बोट ठेवीत तें भांडें पुरतें फिरविलें आहे. उपयोग संपून अलंकार कोठें सुरू झाला हें सांगण्याची प्राज्ञा माझ्या साहित्यशास्त्राला नाहीं. चाकावरची उत्तम भांडीं करण्याचें ज्ञान ज्या लोकांपाशीं होतें, त्यांनीं मुलासाठीं हें हातवळणीचें भांडें कां निवडलें, याचें व्यावहारिक उत्तर असेल: एवढा मोठा जाड कुंभ धान्य सांठविण्यासाठीं घरांत असे आणि हाताशीं तोच होता. मी पुरातत्त्वज्ञ नव्हें. त्यांचें उत्तर मला मान्य होईल. तरी त्या खळग्यांवरून माझी नजर लवकर निघाली नाहीं.

इनामगांवीं पुढल्या काळांत, सुमारें 1000 ते 700 या दरम्यान, दिवस फिरले. चौकोनी घरें गेलीं, लहान गोल झोंपड्या आल्या. धवळीकरांच्या मतें पाऊस कमी झाला आणि शेती खालावली. त्या थरांतील भांडीं ओबडधोबड आहेत आणि नक्षी अगदीं मोजकी. धान्य घटलें तशी रेघ घटली. पण ती नाहींशी झाली नाहीं, हेंहि वृत्तान्तांत नमूद आहे.

संक्रान्तीला आमच्या घरीं सुगडें येतात. सुघट शब्दाचें तें मराठी रूप. काळीं किंवा तांबडीं, ओबडधोबड, कुंभारानें घाईनें काढलेलीं लहान मडकीं. त्यांत ऊंस, हरभरा, बोरें, गाजरें, तिळगूळ भरतात; त्याआधीं त्यांच्या अंगावर हळदीकुंकवाचीं बोटें ओढतात. दर वर्षीं हें मी वर्तमानपत्राच्या आडून पाहत आलों. यंदा वर्तमानपत्र खालीं ठेवलें. कुंकवाचें बोट गळ्यापासून पोटापर्यंत उतरत होतें आणि पोट जेथें वळतें तेथें थांबत होतें. हें आव्यांत भाजलेलें नाहीं; पाण्याचा एक हात फिरला कीं पुसलें जाईल. माझ्या निकषानें तें नापास. परंतु तें भांड्याच्या छिद्रांना बुजवीत नाहीं, आकाराला सोडीत नाहीं, आणि कुंभारानें जें अपुरें ठेविलें तें ज्याच्या घरीं भांडें आलें त्यानें पुरें केलें आहे. माझा निकष मीं तेथेंच पुन्हा मोकळा सोडला.

एक गोष्ट सांगावयाची राहिली. प्रदर्शनांत जें साधें मडकें मीं डावललें, तें करणारी विद्यार्थिनी पुढें योगायोगानें एका व्याख्यानानंतर भेटली. मीं होऊन आपली चूक कबूल केली, तैलरंगाची हकीकत सांगितली, आणि तिच्या घोटाईची स्तुति केली. तिनें ती शांतपणें ऐकून घेतली. मग म्हणाली, "सर, त्या एका मडक्याला घोटायला मला दोन दिवस लागले. रंगवलं असतं तर दोन तासांत झालं असतं, आणि विकलंहि गेलं असतं. तुम्हांला तेव्हां तें नुसतं साधं दिसलं. आम्ही वेळ कुठं घालवायचा, हें शेवटीं परीक्षकच ठरवतात ना?"

यावर मला उत्तर सुचलें नाहीं. मीं मडक्याची चौकशी केली. तिच्या आजीनें तें पिण्याच्या पाण्याला लावलें आहे असें कळलें. माझा वारली माठ हल्लीं जिन्याखालीं उभा असून त्यांत छत्र्या असतात.

गेल्या आठवड्यांत त्याच प्रदर्शनाच्या चालकांचें, यंदाहि परीक्षक म्हणून यावें, असें पत्र आलें आहे. अद्याप मीं उत्तर धाडलेलें नाहीं. धाडीन तेव्हां एक अट घालणार आहें: परीक्षणाच्या आदल्या रात्रीं पाण्याच्या विभागांतील प्रत्येक भांडें कांठोकांठ भरून ठेवावें, आणि सकाळीं मला प्रथम एक पेला द्यावा.